दोन चमचे संत्र्याचा जॅम

४ तारीख, सोमवार

प्रिय मोजपट्टी,

तुझा निरोप मिळाला. दीड ओळ. ‘अठ्ठावीस तारखेला ओव्हन न्यायला माणूस येईल. कृपया घरी असावे.’ वर ‘आई’ नाही, खाली तुझं नाव नाही. आणि ‘असावे’ काय गं? मी काय कचेरी आहे? सदुसष्ट वर्षांची बाई मी, गुडघे हे असे, घरी नसेन तर जाणार कुठे?

फोनवर बोलले असते, पण तू माझा फोन उचलत नाहीस. उचललास तरी मी भांडले असते नाहीतर रडले असते, आणि दोन्हींनी काम बिघडलं असतं. म्हणून हे पत्र. कागद मापांच्या वहीतला आहे. मागच्या बाजूला कुणाची तरी कंबर ब्याण्णव लिहिलीय, तिकडे लक्ष देऊ नकोस.

ओव्हन तुझाच आहे. लग्न होऊन आलीस तेव्हा बरोबर दोन बॅगा होत्या आणि हा ओव्हन. मी म्हटलं होतं, एवढं धूड ठेवायचं कुठे? तू पट्टी काढून कट्टा मोजलास आणि म्हणालीस, एक सेंटिमीटर उरतो. खरंच तेवढा उरला. मोजपट्टी नाव त्या दिवशी पडलं तुला. तू माणसांचे कृत्रिम पाय बनवणारी, मी माणसांच्या विजारी आखूड करणारी. घरात मापाला तोटा नव्हता.

तर ने तो. फक्त माणूस पाठवू नकोस, तू स्वतः ये. एवढंच मागणं आहे माझं, बाकी पत्र म्हणजे पाल्हाळ. तुझ्या कार्यशाळेतल्या बाई पडदे शिवून घ्यायला आल्या होत्या, त्यांच्याकडून कळलं की यंदा पुन्हा प्रशिक्षणासाठी तुझी निवड झाली आणि पुढच्या एक तारखेला वर्षभरासाठी तू लांब चाललीस. खूप बरं वाटलं. त्यांच्यासमोर मी तोंडात टाचण्या धरल्या होत्या म्हणून काही बोलता आलं नाही, ते एका परीनं चांगलंच झालं.

आणि एक आधीच सांगते, लेकाची वकिली करायला मी लिहीत नाहीये. त्याचं त्यानं निस्तरावं. घटस्फोट तुमच्या दोघांचा झाला. माझी सही त्यातल्या एकाही कागदावर नाही, मी चष्मा लावून पाहिलंय.

अठ्ठावीसपर्यंत ओव्हन इथे आहे, तर ठरवलंय की तुझा तो आलुबुखाराचा टोफू स्वतः करून बघायचा. आठ वर्षं दर रविवारी खाल्ला. तू गेल्यापासून ओव्हनमध्ये मी कढया ठेवते. तुझी कृती अजून कपाटाच्या दाराला आतून चिकटवलेली आहे. त्यात काय एवढं, लिहिलंय तसं केलं की झालं.

तुझी
(इथे काय लिहायचं ते कळेना, म्हणून मोकळं सोडलंय)

८ तारीख, शुक्रवार

प्रिय मोजपट्टी,

काहीही झालेलं नाही. म्हणजे टोफू झाला, पण तुझा नाही.

सगळं कागदाबरहुकूम केलं. टोफू फडक्यात गुंडाळून ‘वीस मिनिटं वजनाखाली’ असं लिहिलंयस. कसलं वजन ते लिहिलेलं नाही. मी माझी जुनी बिडाची इस्त्री ठेवली. असं पाणी सुटलं की कट्ट्यावरून माझ्या पायांवर आलं. मग टेपने मोजून दोन-दोन सेंटिमीटरच्या वड्या कापल्या. हसू नकोस. आलं, लसूण, सुकी मिरची, तीन चमचे सोया सॉस, दोन चमचे साखर, पिकलेले आलुबुखार अर्धे करून, कांद्याच्या जाड फोडी. ओव्हनचं बटण कुठल्या बाजूला फिरवायचं तेवढं लेकाला विचारावं लागलं. तो म्हणाला, मला कुठे माहीत. दोघांनी मिळून तुझं माहितीपुस्तक शोधलं. घरात दोन मोठी माणसं आणि ही अक्कल.

बाहेर आला तो लालबुंद, चकाकणारा, बघून वाटलं जिंकले. तोंडात घातला आणि काय सांगू, निव्वळ मिठाई. मिरची घातलेली मिठाई. लेकानं तीनदा घेतला आणि ‘चांगला झालाय’ म्हणाला. त्याचा चेहरा तुला माहीत आहे, खोटं बोलताना डावा कान खाजवतो.

आता एक कबुली. ती दिल्याशिवाय तुला गोडाचं गणित कळायचं नाही.

तुझा टोफू मी आठ वर्षं बिघडवत होते. म्हणजे माझ्या मते सुधारत होते. पहिल्या रविवारी तू केलास तेव्हा मी त्याला खोडरबर म्हटलं होतं, आठवतं? तू हसलीस, पण तुझं नाक लाल झालं. मला मनातून वाईट वाटलं, कारण खोडरबर नव्हताच तो, नुसता खारट-तिखट होता, ओठांना झोंबणारा. पुन्हा नावं ठेवायची नव्हती आणि तसा खायचाही नव्हता. मग पुढच्या रविवारी तू ट्रे ओव्हनमध्ये ठेवून अंघोळीला गेलीस आणि मी गुपचूप दार उघडून माझ्या संत्र्याच्या जॅमचे दोन चमचे वरून फिरवले. चमचा धुऊन जागेवर. तू बाहेर आलीस तेव्हा मी काजं करत बसले होते.

त्या दिवशी सगळ्यांनी बोटं चाटली. मग दर रविवारी तेच. पाहुणे तुझं कौतुक करायचे आणि मी गालातल्या गालात हसायचे. वाटायचं, बिचारीला काय माहीत.

तर सवयीनं परवाही दोन चमचे घातले. तेवढाच जॅम, तीच बाटली, तुझीच कृती. मग आठ वर्षं जे बरोबर लागत होतं ते आताच इतकं गोड का व्हावं? तू असतीस तर मापं घेऊन सांगितलं असतंस.

जॅमचं ऐकून रागावली असशील. अठ्ठावीसला येऊन रागाव. समोर बसून ऐकीन.

तुझी
जॅमचोर

१४ तारीख, गुरुवार

मोजपट्टे,

आज ‘प्रिय’ लिहीत नाही. तू माझी चांगलीच फिरकी घेतलीस, तीही आठ वर्षं.

मंगळवारी जॅम न घालता केला. खाण्यासारखा झाला, पण दवाखान्यातल्या जेवणासारखा, ना राग ना लोभ. काल एकच चमचा घातला, तरी गोड. लेक म्हणाला, आई, आता पुरे, माझंच सोयाबीन होईल. कोपऱ्यावरच्या दुकानदारीणबाई मला बघितलं की न विचारता टोफूचा डबा पुढे सरकवतात. वाटतं, त्यांना माझी कीव येते.

मग आज सकाळी कपाटाचं ते दारच मळसूत्रं काढून खिडकीत उजेडाला नेलं. कागद तिथून सुटेना आणि मला कपाटात डोकं घालून वाचायचा कंटाळा आला होता. उजेडात ठेवलं तर शाईच्या ओळींवर बारीक पेन्सिल. तू साच्यांवर करतेस ना, तशा खुणा. ‘साखर दोन चमचे’ यावर आडवी रेघ. ‘पिकलेले आलुबुखार’ मधलं ‘पिकलेले’ खोडून ‘कच्चट, आंबट’. सोया सॉसच्या तिनाचे चार केलेले. आणि कोपऱ्यात तारीख. आपल्या पहिल्या खोडरबराच्या रविवारानंतरचा तिसरा रविवार.

तिसऱ्याच रविवारी तुला कळलं होतं.

मी दार मांडीवर घेतलं. मग एकेक आठवायला लागलं. तुझी अंघोळ रोज पाच मिनिटांची. साबण लावायला तरी वेळ मिळतो का हिला, असं मी म्हणायचे. मग रविवारीच वीस मिनिटं कशी लागायची? आणि जायच्या आधी मोठ्यानं सांगून जायचीस, ‘आई, मी अंघोळीला चालले बरं का.’ आणि जॅमची बाटली मी वरच्या फळीवर ठेवायचे, ती माझा हात सहज पोचेल अशी खालच्या फळीवर कोण आणून ठेवायचं? मला वाटायचं लेक.

म्हणजे माझ्या जॅमसाठी तू साखर काढलीस, फळं आंबट घेतलीस, मीठ वाढवलंस. एक शब्द बोलली नाहीस. मला चोरी करू दिलीस आणि वर चोरीला जागा करून ठेवलीस. मी समजत होते की मी तुला सांभाळून घेतेय.

मी हसले खूप. शेजारच्या खोलीतून लेकानं विचारलं, काय झालं? म्हटलं, काही नाही, शिवण उसवली. मग हसता हसता मधेच थांबले, कारण दुसरी एक गोष्ट आठवली. ती आज लिहवत नाही. धीर आला की लिहीन.

आई
(लिहिलं बघ. नको असेल तर खोड.)

२० तारीख, बुधवार

प्रिय मोजपट्टी,

चार दिवस कागद घेऊन बसतेय आणि उठतेय. सहा विजारी आखूड केल्या त्या नादात, एक नको तेवढी झाली.

बटणांच्या डब्याबद्दल लिहायचंय.

तुझ्या प्रशिक्षणाचं पत्र गेल्या वर्षी आलं. सही करून पंधरा दिवसांत परत पाठवायचं होतं. लेकानं ते तुझ्याआधी उघडलं आणि माझ्या बटणांच्या डब्यात तळाशी दडपलं. वर्षभर बायको लांब जाणार हे त्याला सोसवेना, आणि तोंडानं सांगायची हिंमत नाही. हे तुला माहीत आहे, ते त्यानं तुला कबूल केलं.

तुला माहीत नाही ते असं, की मी ते पाकीट दुसऱ्याच दिवशी पाहिलं होतं. मला निळी बटणं हवी होती. डबा ओतला आणि पाकीट वर आलं. मी वाचलं, तारीख पाहिली, आणि पुन्हा तळाशी ठेवून वर बटणं ओतली. मग दोन आठवडे रोज संध्याकाळी चपला काढता काढता तू विचारायचीस, ‘काही टपाल?’ आणि मी म्हणायचे, ‘नाही गं.’ चौदा वेळा म्हटलं. मी मोजलंय.

लोक म्हणतील, आई लेकाला पाठीशी घालणारच. तसं म्हटलं तर माझी सुटका होते. पण ते खरं नाही. मी त्याच्यासाठी नाही लपवलं. मला तू जायला नको होतीस. तू गेलीस की संध्याकाळी त्या घुम्याबरोबर जेवायचं, रुग्णांच्या गमती सांगायला कुणी नाही, माझ्या शिवणीत खोट काढायला कुणी नाही. एवढंच कारण. माझी संध्याकाळ बरी जावी म्हणून मी तुझं वर्ष खाल्लं.

मग चार महिन्यांनी कुणाच्या तरी कृत्रिम पायाच्या पट्ट्याला लावायला तुला बटण हवं होतं. डबा तू उघडलास. तू आरडाओरडा केला नाहीस. पाकीट माझ्या मशीनवर ठेवलंस आणि म्हणालीस, ‘आई, तुम्हाला माहीत होतं?’ मी सुईत दोरा ओवत होते. म्हटलं, ‘मला काय माहीत, मी कुठे बघते डब्यात.’ आणि मांडीवर जो सदरा होता, त्याला सकाळीच त्याच डब्यातली सहा बटणं मी लावलेली. तू त्या बटणांकडे पाहिलंस. मीही पाहिलं. मग तू आणखी थोडा वेळ उभी राहिलीस.

तो थोडा वेळ आता कळतो मला. तू रविवारी अंघोळीला जायचीस तसाच तो होता. तुला सगळं माहीत होतं आणि तू मला जागा करून देत होतीस, की आता तरी ही बाई आपणहून काही घालेल. मी नाही घातलं. दोरा ओवत राहिले. तू गेलीस तेव्हा दार आपटलं नाहीस, नुसतं लोटलंस. आपटलं असतंस तर बरं झालं असतं.

तर हे माझं उत्तर, वर्षभर उशिरा. हो, मला माहीत होतं. लेकाला आजच सांगितलं की मी तुला हे लिहितेय. तो उठून गच्चीवर गेला, अजून आलेला नाही.

क्षमा कर असं लिहिणार होते, पण ते पुन्हा मागणंच झालं. तू फक्त वाच. अठ्ठावीसला माणूस पाठवलास तरी मी ओव्हन पुसून, तारा गुंडाळून देईन आणि नावं ठेवणार नाही. पहिल्या पत्रातलं मागणं मी मागे घेते.

आई

२६ तारीख, मंगळवार

प्रिय मोजपट्टी,

उत्तर आलं नाही, ते बरोबरच आहे. कामापुरतं लिहिते.

ओव्हन आतून घासला. मागच्या कोपऱ्यात जळक्या जॅमचा थर होता, सुरीनं खरवडला. पुरावा नष्ट केला म्हण. माहितीपुस्तक, जाळी, दोन ट्रे आणि तुझे ते जाड हातमोजे पिशवीत भरलेत. एका हातमोज्याचं अस्तर फाटलं होतं, शिवलंय.

रविवारी शेवटचा टोफू केला, तुझ्या पेन्सिलीप्रमाणे. साखर नाही, आंबट फळं, चार चमचे सोया सॉस, आणि माझे दोन चमचे. अगदी तस्साच झाला. लेकानं पहिला घास घेतला आणि ताट तसंच ठेवून आत गेला. मी एकटीनं खाल्ला. चव बरोबर होती, पण करताना मजा नव्हती. सगळं माझ्याच हातानं घालायचं, मागे वळून बघायला न्हाणीघरात कुणी नाही.

टेम्पोवाल्याला सांग, जिन्याचं वळण अरुंद आहे. एक सेंटिमीटर उरतो.

आई

११ तारीख, बुधवार

प्रिय मोजपट्टी,

नव्या पत्त्यावर पहिलं पत्र. खोलीला खिडकी आहे ना? पडद्याचं माप पाठव, ‘अंदाजे’ चालणार नाही.

त्या अठ्ठावीस तारखेचं लिहून ठेवायचंय. म्हणशील, मी होतेच की तिथे. होतीस, पण खाली होतीस. वर काय झालं ते तुला माहीत नाही.

अकरा वाजता बेल वाजली. मी पदर खोचून तयार, ओव्हनची तार गुंडाळलेली, लेकाला सकाळीच बाहेर पाठवलेला. दारात टेम्पोवाला. त्याच्या हातात ना दोर ना पट्टे, फॉइलनं झाकलेला एक ट्रे. मी म्हटलं, ओव्हन तिकडे आहे. तो म्हणाला, ‘बाईंनी सांगितलंय, हे ओव्हनमध्ये ठेवायचं आणि ओव्हन जागेवरून हलवायचा नाही.’ माणूस माझ्याकडे असा बघत होता की जणू दोन्ही बायकांना वेड लागलंय.

फॉइल उचललं. कच्चा टोफू, दोन सेंटिमीटरच्या वड्या, एक म्हणून वाकडी नाही. कच्चट आलुबुखार. कडेला चिठ्ठी, पेन्सिलीनं, ‘साखर घातलेली नाही.’ बाकी काही नाही. तेवढं मी चारदा वाचलं. टेम्पोवाल्यानं पाणी मागितलं, त्याला पाणी द्यायच्या ऐवजी मी खुर्ची दिली.

खिडकीशी गेले. तू टेम्पोला टेकून, हाताची घडी घालून चाकाकडे बघत होतीस. हाक मारणार होते, पण वाटलं, सगळी गल्ली ऐकेल. जन्मात पहिल्यांदा मला गल्लीची लाज वाटली, आणि तीही तेव्हाच. मग बोटातलं अंगुस्तान काचेवर वाजवलं. तू वर पाहिलंस. तुझं नाक लाल होतं, एवढ्या लांबून दिसलं मला.

वर आलीस आणि उंबऱ्यातच थांबून म्हणालीस, ‘माझा राग गेलेला नाही.’ मी म्हटलं, ‘बरं. पाय पुसून आत ये.’ आणखी काय बोलायचं ते पत्रात बोलून झालं होतं.

मी तार सोडली, ओव्हन तापवला, ट्रे आत ठेवला. मग आपण दोघी स्वयंपाकघरात उभ्या. सवयीनं मी न्हाणीघराकडे पाहिलं. तूही पाहिलंस. म्हणालीस, ‘मी अंघोळ करून आलेय.’ आणि तिथेच, कट्ट्याला टेकून, हाताची घडी घालून उभी राहिलीस.

मी खालच्या फळीवरची बाटली काढली. झाकण घट्ट बसलं होतं, तू बाटली माझ्या हातातून घेऊन ते उघडून दिलंस. ओव्हनचं दार उघडलं, वाफ तोंडावर आली. आठ वर्षं तोच जॅम घातला मी, पण तुझ्यासमोर त्या दिवशी पहिल्यांदा. चमचा भरला आणि मला कळेनाच, मोठा घेतला की छोटा. मी विचारलं, ‘किती घालू गं?’

‘नेहमीएवढा घाला, आई,’ तू म्हणालीस.

तुझी
आई